कट्ट्याची उंची कोण ठरवतं?

हापशावर हंडा भरून झाला की खरी अडचण सुरू होते. पंधरा लिटरचा हंडा म्हणजे पंधरा किलो पाणी, वर भांड्याचं वजन वेगळं. तो जमिनीवरून उचलायचा तर बाईला उकिडवं बसावं लागतं. दोन्ही हातांनी काठ धरून आधी मांडीवर, मग छातीशी आणि तिथून एका हिसक्यात डोक्यावरच्या चुंबळीवर. पायाखाली चिखल असला की तो हिसका थेट कमरेत आणि गुडघ्यांत जातो. शेजारी दुसरी कुणी असेल तर ती हात लावते. एकटी असेल तर हंडा अर्धाच भरायचा आणि एक खेप जास्त मारायची. पाच माणसांच्या घराला माणशी 55 लिटर धरलं तर दिवसाला पावणेतीनशे लिटर होतात, म्हणजे पूर्ण भरलेल्या हंड्यांच्या अठरा-एकोणीस खेपा.

छत्तीसगडमधल्या बस्तर भागात, कोंडागावच्या परिसरात, काही हापशांभोवती वेगळी बांधकामं दिसतात. त्यांना ‘नळपार’ म्हणतात. हापशाला वेढणाऱ्या भिंती, त्यांत वेगवेगळ्या उंचीवर कट्टे आणि कोनाडे, सांडलेलं पाणी वाहून नेणारी चर आणि भिंतींवर तिथल्या माणसांच्या ओळखीची चिन्हं. भरलेला हंडा कट्ट्यावर टेकवायचा आणि तिथून डोक्यावर किंवा खांद्यावर घ्यायचा. एका मोठ्या उचलीच्या दोन छोट्या उचली होतात. हे काम सरकारी आराखड्यातून आलेलं नाही. चित्रकार, शिल्पकार, कारागीर आणि पाणी भरणाऱ्या बायका-मुली यांनी एकत्र बसून ते केलं, आणि जगभरचे कलासमीक्षक गेली कित्येक वर्षं त्यावर लिहीत आहेत.

आपल्याकडे सध्या ‘लोकसहभागातून कला’ या नावाखाली बराच पैसा खर्च होतो आहे. पुलाखालच्या खांबांवर चित्रं येतात, चौकात शहराच्या नावाची मोठी अक्षरं उभी राहतात, शाळेच्या भिंती रंगतात. निविदेत आणि अहवालात ‘सहभाग’ हा शब्द हमखास असतो. आमचं म्हणणं असं आहे की हा शब्द तपासायला दोनच गोष्टी पाहाव्यात. त्या वस्तूचं माप, जागा आणि उपयोग बदलण्याचा किंवा ती नकोच म्हणण्याचा अधिकार तिथल्या माणसांना होता का, हे एक. आणि कलाकार निघून गेल्यावर तिची देखभाल कोण, कशातून करणार हे आधी ठरलं होतं का, हे दुसरं. या दोन प्रश्नांची उत्तरं नसतील तर सार्वजनिक पैसा त्या कामावर खर्च होऊ नये. नळपारचं उदाहरण घेतो आहोत, कारण या दोन्ही प्रश्नांवर ते पुष्कळ शिकवतं. जिथे उत्तर अपुरं पडतं, तिथेही शिकवतं.

या कामाच्या मुळाशी मुंबईच्या कलावंत नवज्योत अल्ताफ आहेत. जन्म 1949, मेरठ. शिक्षण मुंबईच्या सर ज. जी. कला महाविद्यालयात. 1970 च्या दशकात त्या मुंबईतल्या ‘प्रोयोम’ या डाव्या विचारांच्या तरुणांच्या चळवळीत होत्या. पोस्टरं करायची, वस्तीत न्यायची, लोकांशी बोलायचं ही सवय तिथली. 1990 च्या दशकाच्या उत्तरार्धात त्या बस्तरला जाऊ लागल्या. कोंडागावात घडवा समाजाच्या धातूच्या ओतकामाचे मोठे कलावंत जयदेव बघेल यांचं शिल्पीग्राम होतं, तिथून कामाला सुरुवात झाली. बंगळूरूच्या इंडिया फाउंडेशन फॉर द आर्ट्सचं अनुदान होतं. राजकुमार कोर्राम, शांतीबाई आणि गेस्सुराम विसकर्मा हे तिथले कलाकार या प्रवासात बरोबरीने राहिले. 2000 साली या मंडळींनी ‘डायलॉग’ ही कलाकारांची संस्था उभी केली. त्याच वर्षी 1 नोव्हेंबरला छत्तीसगड राज्य झालं. कोंडागाव स्वतंत्र जिल्हा व्हायला पुढे आणखी दहा-अकरा वर्षं जायची होती.

नळपारच्या जोडीने ‘पिल्ला गुडी’ आल्या. बस्तरच्या हलबी भाषेत पिल्ला म्हणजे लहान मूल आणि गुडी म्हणजे देऊळ. मराठी माणसाला हे शब्द परके वाटू नयेत. ब्रिटिश काळातल्या ग्रिअर्सनच्या भाषा-पाहणीत हलबीची नोंद मराठीच्या गोतावळ्यात आहे आणि विदर्भाच्या पूर्वेला गुडी हा शब्द आजही चालतो. पिल्ला गुडी म्हणजे मुलांनी जमायची, चित्रं काढायची, खेळायची, गोष्टी ऐकायची जागा. त्यांच्याबद्दल स्वतंत्र लिहायला हवं. इथे हापशाजवळच थांबतो, कारण सहभाग म्हणजे प्रत्यक्षात काय, हे हापशावर जितकं नीट कळतं तितकं दुसरीकडे क्वचितच.

आधी हापसा समजून घेऊ. देशभर दिसणारा ‘इंडिया मार्क टू’ हा पंप 1970 च्या दशकात युनिसेफ, केंद्र सरकार आणि रिचर्डसन अँड क्रुडास या कंपनीच्या मेहनतीतून आला. त्याचा पूर्वज महाराष्ट्रातला आहे, सोलापूर पंप. त्याआधी वापरात असलेले बिडाचे पंप एका कुटुंबाच्या वापरासाठी बनवलेले होते. त्यांच्यावर सगळं गाव हापसू लागलं की सांधे निखळायचे, दांडा मोडायचा. जालना आणि सोलापूर भागात ख्रिस्ती मिशनच्या कार्यशाळांतल्या लोकांनी पोलादी सांगाडा, दांड्याला साखळी आणि बंद बेअरिंग अशी दणकट रचना केली, तिच्यातून पुढचा राष्ट्रीय पंप घडला. वापरणाऱ्यांच्या हाताचा जोर पाहून यंत्र बदलणं, ही सहभागाची जुनी आणि नीट मराठी मुलखातली गोष्ट आहे.

आता ओटा, म्हणजे हापशाभोवतीचा काँक्रीटचा चौथरा. हापशाचे पाय त्यात रोवलेले असतात. दांडा मारला की दर वेळी त्यांना हादरा बसतो. एका हापशामागे 250 माणसं असा ग्रामीण पाणीपुरवठ्याचा जुना निकष होता. त्याच निकषाचे माणशी 40 लिटर धरले तर दिवसाला दहा हजार लिटर. दांडा चाळीस वेळा मारला की बारा ते पंधरा लिटर पाणी येतं, म्हणजे तो दिवसात सत्तावीस ते तेहतीस हजार वेळा वरखाली होतो. काँक्रीट कच्चं असेल तर पायांभोवती भेग पडते. त्या भेगेतून ओट्यावरचं घाण पाणी बोअरच्या बाहेरच्या पाइपच्या (केसिंगच्या) कडेने थेट बोअरमध्ये उतरतं. वरून ओटा कितीही सुंदर रंगवलेला असो, ते पाणी पिणाऱ्या मुलाला हगवण लागते. म्हणून 1:2:4 चं (एक भाग सिमेंट, दोन वाळू, चार खडी) काँक्रीट, ठोकून भरलेलं, आणि किमान सात दिवस, शक्यतो चौदा, त्यावर पाणी मारणं याला पर्याय नाही. त्या पहिल्या सात दिवसांत हापसा चालवायचा नाही.

सहभागाची परीक्षा इथेच सुरू होते. सात दिवस अडीचशे माणसांनी पाणी कुठून आणायचं? दुसरा हापसा किती लांब? त्या हापशावरच्या लोकांची परवानगी आहे का? घरात आजारी माणूस किंवा बाळंतीण असेल तिचं काय? याचा निर्णय चार पुरुषांनी ओसरीवर बसून घेतला तर तिसऱ्या दिवशी कुणीतरी बाई नाइलाजाने हापसा चालवते आणि ओटा फुकट जातो. पाणी भरणाऱ्या बायकांनी स्वतः दिवस ठरवले, आळीपाळीने राखण ठरवली, तर काँक्रीट पिकतं. गावाला विचारात घेण्याचा पुरावा छायाचित्रांत शोधण्यापेक्षा ओट्याच्या भेगेत शोधावा, असं आम्ही म्हणतो ते यामुळे.

पुढचा प्रश्न सांडपाण्याचा. दहा हजार लिटरमधला विसावा हिस्सा जरी सांडला, भांडी विसळण्यात गेला, तरी दिवसाला पाचशे लिटर पाणी ओट्याभोवती येतं. ओट्याला आणि चरीला मीटरमागे दोन सेंटिमीटर उतार हवा. तो कमी पडला की पाणी तुंबतं, जास्त दिला की हंडा कलतो. चर हापशापासून दहा-पंधरा मीटर लांब न्यावी, वाटेत गाळ बसायला छोटी कुंडी ठेवावी आणि शेवटी परसबाग किंवा शोषखड्डा. नांदेड जिल्ह्यातल्या टेंभुर्णी गावाने घरोघरी शोषखड्डे करून डास हटवले, ती पद्धत महाराष्ट्रात पुष्कळांना माहीत आहे. चार फूट लांब, तितकाच रुंद आणि खोल खड्डा, मध्ये भोकांची टाकी किंवा पाइप, भोवती दगडगोटे. यात बिघडतं ते गाळाने. कुंडी साफ केली नाही तर माती आणि साबणाचा थर दगडांवर बसतो आणि पाणी मुरायचं थांबतं. मग दगड काढून धुऊन परत भरावे लागतात. काळ्या चिकण मातीत पाणी मुळातच सावकाश मुरतं, तिथे बागच बरी.

आणि भिंती. कलाकाराचा हात सुटण्याची जागा हीच, चुकण्याचीही हीच. मार्क टू पंपाचं चामडी वॉशर झिजलं की ते बदलायला आतले सगळे पाइप वर काढावे लागतात. तीन-तीन मीटरचे 32 मिलिमीटर लोखंडी पाइप आणि त्यांच्या आतल्या सळया. तीस मीटर खोलीला दहा पाइप, सगळं मिळून सव्वाशे किलोंच्या आसपास. वर तिपाई उभी करावी लागते आणि प्रत्येक पाइप हापशाच्या डोक्यावर सरळ तीन मीटर वर येतो. हापशावर कमान किंवा छत बांधलं तर मिस्त्रीला पाइप काढता येत नाही. शेवटी कमान फोडतात नाहीतर हापसा बंद पडतो. भिंत दांड्याच्या बाजूला फार जवळ आली तर उंच बाईचं कोपर आपटतं. पाण्याच्या जागी कामाचा आडोसा हवा असतो, पण आत कोण आहे हे बाहेरून अजिबात दिसू नये इतकी उंच भिंत झाली तर सांजवेळी मुली तिथे जायला घाबरतात. खांद्याइतकी असावी की कमरेइतकी, हे फक्त तिथे रोज जाणारी सांगू शकते.

नक्षीचंही तसंच. ओल्या सिमेंटच्या भिंतीवर ऑइल पेंट लावला तर एका पावसाळ्यात पापुद्रे सुटतात. गिलावा ओला असताना कोरलेली रेघ मात्र टिकते. पण ती कोरायला मिस्त्रीने थापी मारल्यापासून तास-दीड तासाचाच अवधी असतो. म्हणजे चित्र काढणाऱ्या बाईला नेमक्या त्या वेळी मोकळीक हवी. सकाळी पाण्याची गर्दी, मग शेत. बस्तरात मार्च-एप्रिलमध्ये पहाटेपासून मोहाची फुलं वेचायची असतात, पुढे तेंदूपत्ता, मग भाताची लावणी. बांधकाम गावाच्या दिवसक्रमात बसवलं नाही तर चिन्हं काढायला कोण येणार? बाहेरचा रंगारी येणार. कट्ट्याची कड गोल घोटावी लागते, कारण हंड्याचा तळ रोज घासून धारेचे टवके उडतात. ओट्याचा पृष्ठभाग मात्र गुळगुळीत घोटायचा नाही. त्यावर शेवाळ धरतं आणि घसरायला होतं. खराट्याने आडव्या रेघा ओढून तो खडबडीत ठेवायचा.

आता लोकसहभागाची कला तपासायची कशी, या वादाकडे येतो. 2006 साली ब्रिटिश समीक्षक क्लेअर बिशप यांनी एक नेमका आक्षेप घेतला. त्यांचं म्हणणं असं की अशा कामांकडे कला म्हणून पाहिलंच जात नाही. कलाकार भला आहे का, लोकांना सामावून घेतो का, एवढंच पाहिलं जातं आणि कलेचा कस बाजूला राहतो. शिवाय सरकार आपल्या जबाबदाऱ्या कलाकारांवर ढकलतं, हा त्यांचा दुसरा मुद्दा. दुसऱ्या बाजूला अमेरिकेतले समीक्षक ग्रँट केस्टर आहेत. संवाद, सहवास आणि कामाची दीर्घ प्रक्रिया हीच या कलेची सामग्री आहे असं ते मानतात, आणि कोंडागावच्या कामाबद्दल त्यांनी सविस्तर लिहिलं आहे.

बिशप यांची भीती खरी आहे. भलेपणाच्या जोरावर सुमार काम खपवलं जातं, हे आपण आपल्या शहरांत पाहतो. पण नळपारला हा आक्षेप लागू होत नाही असं आमचं मत आहे, आणि त्याचं कारण अगदी साधं आहे. वजन, उंची, तोल, हात कुठे टेकतो, पाऊल कुठे पडतं, हे शिल्पकाराचं ज्ञान आहे. मूर्तीला ओटा किती उंच हवा, पाहणाऱ्याची नजर कुठून येईल, पाणी कुठे साचेल हे तो आयुष्यभर पाहत असतो. बांधकाम विभागाच्या ठरावीक नमुना नकाशात हापशाभोवती एक गोल ओटा आणि एक नाली असते. त्यात बाईचं शरीर नसतं. शिल्पकार आणि पाणी भरणारी बाई एकत्र बसले तेव्हा कट्टा आला. त्याची उंची हा कलेचा निर्णय आहे आणि कमरेच्या दुखण्याचाही. दोन्ही वेगळे काढता येत नाहीत. चांगलं शिल्प म्हणून त्याची परीक्षा करायची तर हंडा घेऊन करा.

केस्टर यांच्या बाजूनेही एक सावधानता हवी. प्रक्रिया मोलाची हे मान्य. पण प्रक्रिया छान झाली आणि ओटा तडकला, तर आम्ही त्या कामाला यशस्वी म्हणणार नाही. ज्या बाईने आठ बैठकांना वेळ दिला, तिला आठ बैठकांनंतर नीट ओटा मिळाला पाहिजे.

‘समुदाय’ या शब्दाबद्दलही स्पष्ट बोललं पाहिजे. गाव एक नसतं. हापसा सरपंचाच्या दारात बसतो की शेवटच्या पाड्यावर, यात गावाचं सगळं राजकारण असतं. कुणाच्या हंड्याला आधी जागा, कुणी बाजूला थांबायचं हे ठरलेलं असतं. ज्या भाषेत 20 मार्च 1927 च्या महाडच्या चवदार तळ्याचा इतिहास आहे, त्या भाषेच्या वाचकाला पाणवठा ही जागा कधीच निष्पाप नव्हती हे वेगळं सांगायला नको. म्हणून ‘गावाने ठरवलं’ हे वाक्य आम्ही पुरेसं मानत नाही. गावातल्या कुणी? बायकांची वेगळी बैठक झाली का? जिथे पुरुष बोलत असताना बायका गप्प बसतात, तिथे दोन बैठका घ्याव्या लागतात आणि बायकांचं म्हणणं आधी कागदावर यावं लागतं. कागदापेक्षाही खरं म्हणजे जागेवर विटा रचून पाहावं. दोन विटा, चार विटा, सहा विटांवर भरलेला हंडा ठेवून वेगवेगळ्या उंचीच्या पाच-सहा जणींनी तो उचलून पाहावा. अर्ध्या तासात कट्ट्याची उंची ठरते, आणि ती कुणी ठरवली यावर पुढे वाद उरत नाही. लहान मुली कळशी आणतात, म्हणून एक कट्टा त्यांच्या मापाचा हवा, हेही तिथेच निघतं.

कोंडागावच्या कामात आणखी एक गाठ सोडवायचा प्रयत्न झाला, ती कलाकार आणि कारागीर या भेदाची. भोपाळच्या भारत भवनाने 1982 मध्ये आदिवासी आणि शहरी कला एकाच छताखाली आणली. ते पाऊल मोठंच होतं. पण भिंतीवर शेजारी टांगणं वेगळं आणि एका ओट्याचा आराखडा एकत्र करणं वेगळं. बस्तरचा कलावंत बाजाराला ‘हस्तकला’ विकतो, दर नगाने ठरतो, नाव कुणी विचारत नाही. डायलॉगच्या कामात नावं लिहिली गेली. लाकडाचं कोरीव काम हे पुरुषांचं मानलं जात असताना शांतीबाई लाकूड कोरतात आणि स्वतःच्या आयुष्याच्या गोष्टी त्यात आणतात. नावामुळे उद्या कुणाला बोलावलं जाईल आणि कुणाला पैसे मिळतील हे ठरतं, म्हणून त्याचा आग्रह धरायचा.

तरी विषमता मिटली असं म्हणणं खोटं होईल. नवज्योत मुंबईच्या, इंग्रजी जाणणाऱ्या, दालनांशी जोडलेल्या कलावंत आहेत. 2018 च्या डिसेंबरात मुंबईच्या राष्ट्रीय आधुनिक कला संग्रहालयात त्यांचं सिंहावलोकनपर प्रदर्शन भरलं. या कामाबद्दलची चर्चा त्यांच्या नावाभोवती फिरते, या लेखातही आधी त्यांचंच नाव आलं. यावर एका फटक्यात उपाय नाही. एक मात्र नोंदवायला हवं, त्या परत परत जात राहिल्या. अनुदान संपलं म्हणून काम संपलं नाही. बस्तरात 2005 नंतर सलवा जुडूमचा, म्हणजे माओवाद्यांविरुद्ध सरकारच्या पाठबळाने गावकऱ्यांच्याच हाती शस्त्रं देण्याचा काळ आला, चार माणसं एकत्र जमणंही संशयाचं झालं, 2011 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती व्यवस्था घटनाबाह्य ठरवली. असल्या काळात माणसं जमण्याच्या जागा बांधणाऱ्यांबरोबर राहणं ही लहान गोष्ट नाही. विश्वास वर्षांनी मोजायचा असतो, आणि आपल्या निधीची वर्षं फार छोटी असतात.

इथेच सार्वजनिक पैशाचा प्रश्न येतो. कंपनी कायद्याच्या कलम 135 प्रमाणे मोठ्या कंपन्यांनी मागच्या तीन वर्षांच्या सरासरी नफ्याच्या दोन टक्के रक्कम सामाजिक कामावर खर्च करायची असते आणि त्याच्या यादीत कला, पारंपरिक हस्तकला हेही येतात. प्रत्यक्षात पुष्कळ पैसा जानेवारी ते मार्चमध्ये घाईने जातो. तीन महिन्यांत ओळख, बैठका, आराखडा, काँक्रीट, उद्घाटन सगळं आटपायचं म्हटल्यावर बैठक हीच गोष्ट गळते. चित्राची बाह्यरेखा शहरात आधीच काढलेली असते, मुलांना फक्त रंग भरायला बोलावतात. त्यालाच सहभाग म्हणतात. कायद्यात पहिल्या वर्षानंतर आणखी तीन वर्षं चालणाऱ्या ‘चालू प्रकल्पा’ची सोय आहे. कलेच्या कामांनी तीच मागावी, आणि देणाऱ्यांनी त्याहून कमी मुदतीची कामं घेऊच नयेत.

ग्रामपंचायतीकडेही पैसा असतो. 15 व्या वित्त आयोगाच्या 2021 ते 2026 या काळातल्या अनुदानातला 60 टक्के वाटा पाणी आणि स्वच्छता यांच्यासाठी बांधलेला होता. हापशाचा ओटा, चर, शोषखड्डा हे त्यात सरळ बसतं. बस्तर राज्यघटनेच्या पाचव्या अनुसूचीतल्या आदिवासी क्षेत्रात येतं, तिथे अशा क्षेत्रांतल्या पंचायतींसाठीच्या 1996 च्या पेसा कायद्याने गावविकासाच्या आराखड्याला ग्रामसभेची मान्यता लागते. महाराष्ट्रात गडचिरोलीपासून पालघरपर्यंत असे तालुके आहेत. म्हणजे नकाराचा अधिकार कायद्यात आहे. तो कलेच्या कामालाही लागू करा, एवढंच. पाणी पुरवणं सरकारचं काम आहे, ते कलाकाराच्या गळ्यात बांधू नका. हापसा आणि काँक्रीट पंचायतीच्या पैशातून, कलाकारांचा मोबदला कलेच्या पैशातून आणि गावातल्या कलाकारालाही तोच दर, ही विभागणी स्वच्छ ठेवली तर बिशप यांच्या दुसऱ्या आक्षेपालाही उत्तर मिळतं. एकूण रकमेतले पंधरा टक्के पाच वर्षांच्या देखभालीसाठी वेगळ्या खात्यात ठेवावेत, त्यावर पाणी भरणाऱ्या दोघींच्या सह्या असाव्यात. वॉशर, बेअरिंग, साखळी, गाळ काढण्याची मजुरी, फुटलेली कड, या खर्चाला कुणाची वाट पाहायला लागू नये.

हापशावर अडून राहण्याचं कारण नाही. नागपूरच्या शिल्पकार श्वेता भट्टड यांनी मध्य प्रदेशातल्या सौंसर तालुक्यात (पूर्वी छिंदवाडा जिल्हा, आता पांढुर्णा), पारडसिंगा या मराठी बोलणाऱ्या गावात, ग्राम आर्ट प्रोजेक्ट उभा केला. तिथे देशी कापूस, हातसूत आणि बिया वापरून बीज राख्या होतात. राखी दरवर्षी लागते, म्हणून काम दरवर्षी चालतं आणि गावातल्या बायकांना मजुरी मिळते. देखभालीचा प्रश्न तिथे उत्पन्नाने सुटतो. अमेरिकेतल्या ह्यूस्टनमध्ये कलाकार रिक लो आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 1993 मध्ये कृष्णवर्णीयांच्या जुन्या वस्तीतली 22 छोटी घरं दुरुस्त करून कलाकार आणि तरुण एकट्या मातांसाठी वापरात आणली. तिथे घरं चालवणारी कायमची संस्था आहे. दोन्ही ठिकाणी उत्तर वेगळं आहे, पण प्रश्न आधी विचारला गेला आहे.

आता नळपारपुढचा खरा प्रश्न. 15 ऑगस्ट 2019 ला जल जीवन मिशन जाहीर झालं, घरोघरी नळ आणि माणशी 55 लिटर. नळ नीट चालला तर हापशावरची गर्दी ओसरेल. कुणी म्हणेल, मग ती कला निकामी झाली. आम्हाला त्याचं दुःख नाही. पंधरा किलोचा हंडा डोक्यावर वाहणं ही जपायची संस्कृती नाही. ते ओझं हलकं करायला कट्टा बांधला होता, ओझंच उतरलं तर उत्तम. बायका एकत्र जमायच्या, बोलायच्या ती जागा जाईल हे खरं. पण ती जागा त्यांना पाण्याच्या ओझ्याशिवाय मिळाली पाहिजे, आणि ती कुठे हवी हे त्याच सांगतील.

सांडपाणी मात्र कुठे जात नाही. हजार वस्तीच्या गावात माणशी 55 लिटर आले तर दिवसाला 55 हजार लिटर पाणी घरांत येतं, त्यातलं साधारण तीन-चतुर्थांश वापरून बाहेर पडतं. चाळीस हजार लिटर, रोज. पूर्वी एका हापशाभोवती होता तो चिखल आता प्रत्येक दारात येणार आहे. उतार किती द्यायचा, कुंडी कुठे बसवायची, शेजारच्या दाराशी पाणी जाणार नाही ना, गाळ कोण काढणार, हे प्रत्येक उंबऱ्यावर ठरवावं लागेल. ज्या गावात चार-दोन बायकांनी विटांवर हंडा ठेवून कट्ट्याची उंची ठरवली आहे, तिथे त्यांना दोरी, पाण्याची लेव्हलनळी आणि दिवसाची मजुरी देऊन हे काम सोपवता येईल. जिथे मुलांनी फक्त रंग भरले, तिथे पुन्हा बाहेरून कुणाला तरी बोलवावं लागेल.